घरातला आडोसा हरवतो तेव्हा

प्रश्न : माझं वय ३१. आम्ही पिंपरी-चिंचवडला दोन बेडरूमच्या फ्लॅटमध्ये राहतो. मुलगी झाल्यावर तिला सांभाळायला मावशी ठेवल्या होत्या. त्यांच्यावर लक्ष राहावं म्हणून नवऱ्याने हॉलमध्ये एक आणि स्वयंपाकघरात एक असे दोन कॅमेरे बसवले. मावशी काम सोडून गेल्या त्याला वर्ष झालं, कॅमेरे तसेच आहेत. मी आता नोकरी सोडून घरीच असते. नवरा ऑफिसमधून बघतो, सासूबाई गावाहून त्यांच्या मोबाईलवर बघतात. कॅमेऱ्यातून बोलताही येतं. परवा दूध उतू गेलं तर वरून आवाज आला, "अगं, लक्ष कुठंय?" माझं लोकेशनही नवऱ्याच्या फोनवर कायम चालू असतं. घरात मारहाण नाही, शिवीगाळ नाही. "लपवण्यासारखं काही नाही ना, मग त्रास कसला?" असं सगळे म्हणतात. पण मला झोप लागत नाही, छातीत धडधडतं, साध्या स्वयंपाकात चुका होतात. सध्या माहेरी आले आहे, तर पहिले दोन दिवस छताच्या कोपऱ्याकडेच बघत होते. मला वेड लागतंय का?

उत्तर : नाही. तुम्हाला वेड लागत नाहीये. हे मी अगदी पहिल्या ओळीत लिहिते आहे, कारण तुम्ही हा प्रश्न शेवटी विचारलात तरी मनात तो सगळ्यात आधी आला असणार.

मी पुण्यात २४ वर्षं मानसोपचारतज्ज्ञ म्हणून काम करते आहे. सुरुवातीच्या काळात "माझ्यावर कुणीतरी पाळत ठेवतंय" असं वाक्य कानावर आलं की आम्हा डॉक्टरांचा हात आपसूक संशयाच्या आजाराच्या रकान्याकडे जायचा. माझाही गेला आहे. बारा-तेरा वर्षांपूर्वी एक बाई आल्या होत्या (त्यांची ओळख पटू नये म्हणून तपशील बदलून सांगते). त्या म्हणायच्या, "मी कुणाशी काय बोलले ते ह्यांना संध्याकाळी माहीत असतं." मी नवऱ्याला बोलावलं. तो शांत, नीटनेटका, काळजी करणारा वाटला. मी त्याच्यावर विश्वास ठेवला आणि बाईंना संशय कमी करायच्या गोळ्या सुरू केल्या. तीन महिन्यांनी त्यांच्या भावाने फोन उघडून बघितला, तेव्हा त्यात त्यांचे मेसेज दुसरीकडे पोचवणारं ॲप निघालं. त्या बाईंची मी माफी मागितली. पण माझ्या गोळ्यांनी त्या तीन महिन्यांत त्यांना काय शिकवलं असेल, याचा विचार आजही मनातून जात नाही. डोळ्यांसमोर दिसतंय ते खोटं आणि डॉक्टर सांगतेय ते खरं, हेच ना?

तेव्हापासून नवा पेशंट आला की झोप, भूक, घरची माणसं यांच्याबरोबर मी विचारते : घरात कॅमेरा आहे का? कुठे आहे? बघतं कोण? फोनचा पासवर्ड कुणाकुणाला माहीत आहे? तुमच्यासारखी उत्तरं आता मला दर आठवड्याला मिळतात.

तुमच्या शरीरात काय चाललंय ते आधी सांगते, कारण ते कळलं की निम्मी भीती तिथेच कमी होते. लेकरू तापाने फणफणलेलं असताना आईची झोप कशी असते, आठवून बघा. डोळे मिटलेले असतात, कान जागे असतात. लेकराने कूस बदलली तरी ती उठून बसते. अशी एक रात्र शरीर सहज सोसतं. चार रात्रीही सोसतं. पण तेच वर्षभर चाललं तर? ॲड्रेनलिन, कॉर्टिसॉल ही सावध ठेवणारी संप्रेरकं थोड्या वेळासाठी वाढावीत आणि काम झालं की उतरावीत अशी शरीराची रचना असते. तुमच्याकडे ती उतरायची वेळच येत नाही, कारण आत्ता कुणी बघतंय की नाही हे तुम्हाला कधीच कळत नाही. नवरा दिवसातून दोनदाच ॲप उघडत असेल. पण ते दोन वेळा कधी, हे माहीत नसल्यामुळे तुम्हाला अख्खा दिवस बघितल्यासारखा काढावा लागतो. बेडरूममध्ये कॅमेरा नाही, तरी तिथे झोप येत नाही याचं कारण हेच. दिवसभर ताणून धरलेलं अंग दिवा मालवला म्हणून सैल पडत नाही.

माझ्याकडे येणाऱ्या एका बाईंच्या घरचा कॅमेरा मान वळवणारा होता. बघणाऱ्याने फोनवर बोट फिरवलं की कॅमेऱ्याचं तोंड वळायचं आणि अगदी बारीक घुर्र असा आवाज यायचा. त्यांना तो आवाज दुसऱ्या खोलीतूनही ऐकू येई. एकदा माझ्या खोलीत बोलता बोलता एसीची पट्टी हलली, तसाच काहीसा आवाज झाला. त्या वाक्याच्या मध्येच थांबल्या. पाठ ताठ झाली, पदर सारखा केला, चेहऱ्यावर एक नेटकं हसू आलं. हे त्यांच्या नकळत घडलं. मी एसी दाखवला तेव्हा आधी हसल्या, मग रडल्या. माहेरच्या छताच्या कोपऱ्याकडे तुमचे डोळे जातात ते असेच. शरीराने शिकलेली ती सवय आहे, आणि ती मोडायला कॅमेरा काढल्यानंतरही काही आठवडे लागतात. दोन दिवसांत नजर कोपऱ्यावरून हटली असेल तर तुमचं शरीर चांगलं सावरतंय असं मी म्हणेन.

आता स्वयंपाकातल्या चुका. तुम्ही त्या ओझरत्या लिहिल्या आहेत, पण मला त्या महत्त्वाच्या वाटतात, कारण घरात त्याच तुमच्याविरुद्ध वापरल्या जात असणार. "बघ, लक्ष ठेवलं नाही तर काय होतं!" असं. प्रत्यक्षात अनेकदा हे उलट असतं. अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट झायन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६९ मध्ये झुरळांवर एक प्रयोग केला. सरळ वाटेने पळायचं असेल तेव्हा दुसरी झुरळं बघत असताना झुरळ जास्त वेगाने पळालं. वाट वळणाची असली, शोधून काढावी लागली, की बघणाऱ्यांसमोर ते एकट्यापेक्षा हळू पडलं. माणसांतही हे वारंवार दिसतं. हातात बसलेलं, सरळसोट काम कुणी बघत असलं तर उरकतं. जिथे एकाच वेळी तीन-चार गोष्टी डोक्यात ठेवाव्या लागतात तिथे गोंधळ होतो. एका बाजूला दूध, दुसऱ्या बाजूला कणीक, पायाशी वर्षा-दीड वर्षाचं मूल आणि डोक्यावर नजर. यात दूध उतू जाणारच. तुमचं अर्धं लक्ष दुधाकडे होतं आणि अर्धं 'मी आत्ता कशी दिसत असेन' याकडे.

"लपवण्यासारखं काही नाही, मग त्रास कसला?" या वाक्याने मी पाहिलेल्या कित्येक बायकांचं तोंड बंद केलं आहे, कारण त्याला उत्तर देता येत नाही. उत्तर द्यायला जावं तर आपणच काहीतरी लपवतोय असं वाटू लागतं. म्हणून मी ते तुमच्या वतीने देते. माणूस एकटा असताना करतो त्यातलं बहुतेक काही गुपित नसतं. तो तोंड वेडंवाकडं करतो. स्वतःशी पुटपुटतो. भांडणात काय बोलायला हवं होतं त्याची तालीम करतो. उभ्याने चार घास खातो. उगाच पाच मिनिटं खिडकीशी उभा राहतो. यातलं काहीही कुणी बघितलं तर गुन्हा ठरणार नाही, पण बघितलं जातंय म्हटलं की यातलं काहीच होत नाही. आणि राग, दुःख, लाज पचवायचं काम माणूस याच फुटकळ गोष्टींतून करत असतो.

मी एक प्रश्न नेहमी विचारते : शेवटचं कधी गुणगुणलात? बायका आधी चमकतात. मग आठवायला लागतात आणि बहुतेकींना आठवत नाही. भूक, झोप या मोजता येण्यासारख्या गोष्टी बिघडायच्या खूप आधी हे थांबलेलं असतं. ब्रिटिश बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक डोनाल्ड विनिकॉट यांनी १९५८ मध्ये मांडलं होतं की एकटं असता येणं ही माणसाची कमावलेली क्षमता आहे, आणि मूल ती आईच्या सहवासातच शिकतं. आई जवळ आहे, पण आपल्यात सारखी लुडबुड करत नाही, अशा वेळी ते स्वतःच्या खेळात रमतं. तुमच्या लेकीलाही हे शिकायचं आहे. सारखी कॅमेऱ्याकडे बघणारी आई तिला काय दाखवते, याचा विचार तुमच्या यजमानांनी करायला हवा. पुढे बोलणी होतील तेव्हा हा मुद्दा जरूर मांडा. स्वतःसाठी मागायला संकोचणाऱ्या बाईला लेकीसाठी मागणं सोपं जातं.

इथे कुणीतरी हमखास म्हणतं, "आपल्याकडे खासगीपणा होता कुठे? आमचं अख्खं आयुष्य चाळीत गेलं, आम्हाला नाही झालं काही." मीही गिरगावातल्या चाळीत वाढले. दहा बाय बाराची खोली, सात माणसं, मध्ये दोरीवर टाकलेली साडी हीच भिंत. शेजारच्या खोलीतलं जोडपं भांडायला लागलं की माझी आजी उठायची आणि रेडिओचा आवाज वाढवायची. मला वाटायचं, आम्हा पोरांना ऐकू जाऊ नये म्हणून. पुष्कळ मोठी झाल्यावर मी तिला विचारलं, तर म्हणाली, "आपण ऐकत नाही हे त्यांना कळायला नको का?"

चाळ कशी टिकली हे मला त्या दिवशी समजलं. तिथे सगळे सगळ्यांना दिसत, पण बघणाराही दिसत असे. गॅलरीत उभ्या असलेल्या काकू मला बघत असतील तर मलाही काकू दिसत. बघूनही न बघितल्यासारखं करायची एक रीत होती, आणि ती न पाळणाऱ्याला चाळ नाव ठेवी. शिवाय माणूस विसरतो. मार्चमध्ये तुम्ही कुणावर खेकसलात ते ऑगस्टमध्ये कुणी तारीख-वेळेसकट काढून दाखवत नसे. तुमच्या स्वयंपाकघरातल्या कॅमेऱ्यात यातलं एकही नाही. तो मान फिरवून घेत नाही, विसरत नाही, आणि पलीकडे कोण आहे ते दाखवत नाही.

आणि चाळीच्याही आधीच्या, भरल्या घरातल्या सासुरवाशिणींनी आपला आडोसा कुठून तरी काढलाच होता. पहाटे घर झोपलेलं असताना जात्यावर बसायचं आणि दळता दळता आई-भावाला, विठोबाला, कधी नुसत्या जात्यालाच मनातलं सांगायचं. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी मुळशी-मावळ भागापासून सुरुवात करून गावोगावी फिरून अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. त्यात सासुरवासाबद्दल जे आहे ते त्या बायका दिवसाउजेडी सासूसमोर बोलू शकल्या असत्या का? जात्याची घरघर हाच त्यांचा पडदा होता. बाईला एकटेपण हवं असतं ही शहरी, शिकलेल्या बायकांची चैन आहे असं कुणी म्हटलं की मी त्यांना या ओव्यांची आठवण करून देते.

पाळतीचा मनावरचा परिणाम आपल्या न्यायालयातही फार पूर्वी लिहिला गेला आहे. उत्तर प्रदेशातल्या खरक सिंग यांच्यावर १९४१ मध्ये दरोड्याचा आळ आला होता. पुराव्याअभावी ते सुटले, तरी पोलिसांनी त्यांच्यावर पाळत ठेवली. रात्री-अपरात्री येऊन दार ठोठावायचं, हाका मारून झोपेतून उठवायचं. गाव सोडताना चौकीदाराला सांगूनच जायचं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. डिसेंबर १९६२ च्या निकालात बहुमताने रात्रीच्या या भेटी रद्द केल्या, मात्र खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला नाही. न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी वेगळं मत लिहिलं. त्यांचं म्हणणं असं की मनात भीती आणि संकोच रुजवणारी परिस्थिती निर्माण करणं हेही शारीरिक बंधनच आहे. सतत मागावर असलेल्या माणसाचं शरीर हिंडतं-फिरतं खरं, पण ते एखाद्या यंत्रासारखं. डॉक्टर नसलेल्या माणसाने साठ वर्षांपूर्वी केलेलं हे वर्णन माझ्या केसपेपरवर जसंच्या तसं उतरवता येईल. "मी घरात रोबोसारखी वावरते," असं मला किती जणींनी सांगितलं आहे! खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे हे सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने मान्य केलं ते २४ ऑगस्ट २०१७ रोजी.

आपल्या महाराष्ट्रात तर अख्ख्या जमातीच्या जमाती या नजरेखाली जगल्या आहेत. १८७१ मध्ये उत्तर भारतात आलेल्या आणि पुढे मुंबई इलाख्यातही लागू झालेल्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली पारधी, कैकाडी, भामटा अशा समाजांना जन्मतःच गुन्हेगार धरलं गेलं. सोलापूरच्या तारेच्या कुंपणातल्या सेटलमेंटमध्ये लोकांना हजेरी द्यावी लागे. ३१ ऑगस्ट १९५२ ला कायदा गेला, सेटलमेंट हे नाव मात्र अजून त्या वस्तीला आहे, आणि पोलिसांची नजरही त्या समाजांवरून पुरती हटलेली नाही. तुमच्या फ्लॅटची आणि त्या कुंपणाची बरोबरी मी करत नाही. करूही नये. पण ज्याच्या हातात सत्ता आहे तो बघतो आणि ज्याच्या हातात नाही तो बघितला जातो, हे दोन्हीकडे सारखं आहे. तुमच्या घरात नवऱ्याच्या ऑफिसच्या टेबलावर कॅमेरा नाही, सासूबाईंच्या माजघरात नाही. नागपूर महापालिकेने जीपीएसची घड्याळं बांधली ती सफाई कामगारांच्या मनगटावर. हिंजवडीत घरून काम करणारी मुलं मला सांगतात की माऊस काही मिनिटं हलला नाही तर वरच्याला कळतं, म्हणून ती बाथरूमला जातानाही लॅपटॉप उघडा ठेवून धावत जातात.

आता तुमच्या घरच्यांविषयी. तुम्ही लिहिलंत त्यावरून तुमचे यजमान दुष्ट आहेत असं मला वाटत नाही, पण खात्री देणार नाही. कॅमेरा बघणारे लोकही माझ्याकडे येतात. त्यातल्या बऱ्याच जणांची अवस्था गॅसचं बटण पुन्हा पुन्हा तपासणाऱ्या माणसासारखी असते. काळजी वाटली की ॲप उघडायचं, सगळं ठीक दिसलं की दोन मिनिटं बरं वाटतं. तेवढ्यात पुन्हा शंका येते. बघण्याने काळजी मिटत नाही, बघायची सवय तेवढी वाढते. एका गृहस्थांना मी मीटिंगमध्ये असताना तासाभरात किती वेळा घर बघितलं ते मोजायला सांगितलं होतं. ते स्वतःच तो आकडा बघून गप्प झाले. अशा माणसाला उपचारांनी पुष्कळ फरक पडतो.

दुसऱ्या काहींना काळजी नसते, ताबा हवा असतो. दोघांत फरक कसा ओळखायचा? मी एक साधी कसोटी सांगते. "दुपारी दोन ते चार स्वयंपाकघरातला कॅमेरा बंद ठेवूया," एवढंच मागून बघा. काळजी करणारा माणूस कुरकुर करतो, कारणं विचारतो, पण शेवटी करून बघतो. ताबा हवा असलेला माणूस त्या दोन तासांत तू काय करणार आहेस, हे विचारतो. तिथून पुढे आवाज चढला, पैसे बंद झाले, माहेरी जाणं बंद झालं, तर हे प्रकरण नुसत्या समुपदेशनाने सुटण्यापलीकडचं आहे असं समजा. तशी शंका तुम्हाला आत्ताच असेल, तर ही कसोटी एकटीने करूच नका. अशा घरात अचानक कॅमेरा बंद करणं, लोकेशन काढून टाकणं हे केल्यावर धोका वाढतो. आधी कुणाला तरी विश्वासात घ्या. १८१ या महिला हेल्पलाइनवर फोन करता येतो, तोही शक्यतो दुसऱ्याच्या फोनवरून. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात मानसिक छळही धरलेला आहे, त्यासाठी अंगावर वळ असायची गरज नाही. महाराष्ट्रात अनेक पोलीस ठाण्यांत महिला व मुलांसाठी विशेष कक्ष आहेत. हे काम १९८४ मध्ये मुंबईत टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने सुरू केलं. तिथे प्रशिक्षित सामाजिक कार्यकर्त्या असतात, आणि गेल्या गेल्या गुन्हाच दाखल होतो असं नाही.

कायद्याच्या मर्यादाही सांगायला हव्यात. बाई कपडे बदलत असताना किंवा आंघोळ करताना तिचं चित्रण करणं हा गुन्हा आहे, भारतीय न्याय संहितेत त्यासाठी कलम ७७ आहे. पण हॉलमधल्या, स्वयंपाकघरातल्या कॅमेऱ्यावर थेट बोट ठेवणारं कलम तुम्हाला सापडणार नाही. २०२३ चा डिजिटल माहिती संरक्षणाचा कायदा घरगुती वापराला लागूच होत नाही. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तर नवरा-बायकोने एकमेकांचं चोरून केलेलं रेकॉर्डिंग घटस्फोटाच्या खटल्यात पुरावा म्हणून चालेल असं ठरवलं. लग्नात जोडीदारावर पाळत ठेवायची वेळ आली असेल तर ते नातं आधीच तुटल्याचं लक्षण आहे, असंही त्या निकालात म्हटलं आहे. यावरून दोन्ही बाजूंनी काय ते समजावं. तुमच्या बाबतीत रस्ता निघेल तो बहुधा घरातल्या बोलण्यातूनच.

ते बोलणं कसं करायचं? "तुमचा माझ्यावर विश्वास नाही" इथून सुरुवात करू नका. ते खरं असलं तरी पुढचा तासभर विश्वासावरच वाद होईल आणि कॅमेरा जागच्या जागी राहील. मागण्या ठोस ठेवा, आणि एकेक करून मागा. पहिली मागणी, कॅमेऱ्यातून बोलण्याची सोय बंद. दोन मिनिटांचं काम आहे, आणि माझ्या अनुभवात सगळ्यात जास्त आराम याने मिळतो. बिनतोंडाच्या नजरेपेक्षा छतातून येणारा आवाज शरीराला कितीतरी जास्त दचकवतो. दुसरी, स्वयंपाकघरातला कॅमेरा काढून हवा तर मुख्य दारावर. चोराची भीती असेल तर चोर दारातून येतो. तिसरी, ॲप किती फोनवर चालू आहे ते दोघांनी मिळून उघडून बघायचं. कॅमेरा बसवणाऱ्या मुलाच्या फोनवरही ते राहून गेलेलं मी दोन घरांत पाहिलं आहे. पासवर्ड बदला. रेकॉर्डिंग किती दिवस साठतं ते बघा आणि कमीत कमी ठेवा.

सासूबाईंचं मला वेगळं वाटतं. गावात एकट्या असतील तर तो कॅमेरा म्हणजे त्यांचा दिवसभराचा सोबती झालेला असू शकतो. त्यांना नात हवी आहे. सून चुकते का हे बघणं त्याच्या मागून आलं असेल. म्हणून त्यांच्या फोनवरून ॲप काढायचं असेल तर त्याच दिवशी दुसरं काहीतरी द्या. रोज संध्याकाळी सातला नातीचा व्हिडिओ कॉल, ठरलेला, न चुकता. एका घरात हे केल्यावर आजी स्वतःच म्हणाल्या, "यात ती माझ्याकडे बघते तरी." कॅमेऱ्यात नात त्यांच्याकडे कधीच बघत नव्हती.

लोकेशनबद्दल एकच. दोघांचं चालू किंवा दोघांचं बंद. रात्रीच्या प्रवासापुरतं चालू ठेवायला कुणाचीच हरकत नसावी. आणि एक गोष्ट करू नका : सूड म्हणून किंवा पुरावा म्हणून यजमानांचा फोन चाळायला लागू नका. मी हे नीतीच्या दृष्टीने सांगत नाहीये. तुमची झोप आधीच गेली आहे, आणि पहारा देणाऱ्यालाही झोप नसते.

उपचारांचं म्हणाल तर तुम्हाला आत्ता गोळ्या लागतीलच असं नाही. पण आठवड्यातून चार-पाच रात्री झोप न लागणं दोन-तीन आठवड्यांहून जास्त चाललं, धडधडीबरोबर दम कोंडू लागला, किंवा जगणं नकोसं वाटू लागलं, तर जवळच्या मानसोपचारतज्ज्ञांकडे जा. लगेच जाणं जमत नसेल तर टेलिमानस या सरकारी सेवेला १४४१६ वर फोन करा. २०२२ पासून ती चालू आहे, चोवीस तास, मोफत, आणि मराठीत बोलता येतं. मूल लहान आहे म्हणून थायरॉइड आणि हिमोग्लोबिनही एकदा तपासून घ्या. धडधडीला तीही कारणं असतात, आणि सगळंच मनावर ढकलायची चूक मला पुन्हा करायची नाही. डॉक्टरांना कॅमेऱ्याचं पहिल्याच भेटीत सांगा. त्यांनी विचारलं नाही तरी सांगा.

तोवर रोज वीस मिनिटं अशा जागी काढा जिथे तुम्ही कुणाला दिसत नाही. गच्ची, बेडरूम, बाथरूम, कुठलीही. फोन बाहेर ठेवा. तिथे काही करायचं नाही, ध्यानही नको. पहिले काही दिवस नुसतं अवघडल्यासारखं होईल, वेळ वाया जातोय असं वाटेल, कान दाराकडे लागतील. होऊ द्या. मी मघाशी सांगितलं त्या एसीवाल्या बाईंना असं तीन आठवडे झालं. चौथ्या आठवड्यात त्या आल्या आणि खुर्चीत बसायच्या आधीच म्हणाल्या, "काल बादली भरताना मी गाणं म्हणत होते, मला नंतर कळलं." कुठलं गाणं ते मी विचारलं नाही.

आता तुम्ही माहेरी आहात, तर परत जायची घाई करू नका. छताकडे बघणं थांबलं आहे, आता झोप किती सुधारते ते आठवडाभर बघा. सुधारली तर त्रास तुमच्यात आहे की त्या घरातल्या छतावर, हे यजमानांना सांगायला तुमच्याकडे एक साधी गोष्ट असेल. त्यांच्याशी फोनवर बोलू नका, समोरासमोर बोला. घरात, त्या कॅमेऱ्याखाली मुळीच नको. खाली सोसायटीच्या बाकावर बसा किंवा दोघं चालायला जा, आणि लेकीला अर्धा तास कुणाकडे तरी ठेवा.